‘ॲडियाबॅटिकली’ म्हणजे झटकन की सावकाश?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. विज्ञानावरचे दोन लेख तुम्ही मराठीत आणताय. पहिल्यात वाक्य आहे, ‘वारा डोंगर चढताना त्यातली हवा ॲडियाबॅटिकली थंड होते.’ दुसऱ्यात आहे, ‘चुंबकीय क्षेत्र ॲडियाबॅटिकली बदललं, त्यामुळे अणू तळच्या पातळीतच राहिला.’ शब्दकोशात तुम्हाला ‘उष्णतेची देवाणघेवाण न होता’ असा अर्थ मिळाला. दुसऱ्या लेखाच्या तळटीपेत ‘अतिशय सावकाश’ असं दिलंय. आणि बारावीत शिकलेलं तुम्हाला आठवतं ते तिसरंच: सायकलचा पंप झटकन दाबला तर ॲडियाबॅटिक, सावकाश दाबला तर समतापी, म्हणजे तापमान कायम राहणारा. तेव्हा हे क्रियाविशेषण झटकन सांगतंय की सावकाश, आणि मराठीत त्यासाठी एकच शब्द वापरायचा तर कोणता, असं तुम्ही विचारलंय.

मी सत्तावीस वर्षं पदवीच्या वर्गांना उष्मागतिकी शिकवली आणि गेली दहाएक वर्षं विज्ञानलेखांची भाषांतरं तपासतो. नेमका हाच प्रश्न मला एका विद्यार्थिनीने वर्गात विचारला होता. ‘सर, पंपात झटकन आणि इथे सावकाश, मग शब्द एकच कसा?’ मी तेव्हा सांगितलं, की दोन शाखांतले दोन वेगळे शब्द समज, योगायोगाने स्पेलिंग एक आहे. ते उत्तर चूक होतं. दोन अर्थांचं मूळ एकच आहे आणि ते कळलं की भाषांतराचा निम्मा गुंता सुटतो. म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

आधी शब्दाच्या पोटात काय आहे ते पाहू. मूळ ग्रीक आहे. ‘अ’ म्हणजे नाही, आपल्यासारखंच. ‘दिया’ म्हणजे आरपार, आणि शेवटचा भाग ‘जाणे’ या अर्थाच्या धातूवरून आलेला. सगळं मिळून ‘जिच्या पलीकडे जाता येत नाही अशी’. जुन्या ग्रीकमध्ये हे विशेषण नद्यांना लावत. पावसाळ्यात आपल्याकडे ‘नदीला उतार नाही’ म्हणतात, तोच अर्थ. संस्कृतातला ‘दुस्तर’ही अर्थाने याच्याच जवळचा, तरून जायला कठीण. एकोणिसाव्या शतकात स्कॉटिश अभियंता रँकिन याने हा नदीचा शब्द उचलून वाफेच्या इंजिनाच्या सिद्धांतात आणला आणि उष्णतेला लावला. सिलिंडरची भिंत ही नदी, आणि उष्णतेला तिथे उतार नाही. भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेलने १८७१ साली तो स्वीकारला आणि शब्द रँकिनचा आहे हेही नोंदवलं.

म्हणजे मुळात या शब्दात वेग कुठेच नाही. झटकनही नाही, सावकाशही नाही. आहे ते फक्त ‘न ओलांडता’. कोण काय ओलांडत नाही, हे प्रत्येक शाखा आपापलं ठरवते. वेगाचा प्रश्न मागाहून येतो. ओलांडणं घडू नये यासाठी किती घाई किंवा किती सबुरी लागेल, एवढ्यापुरताच.

आता पंप घ्या. तोंडावर अंगठा दाबून धरा आणि दट्ट्या खाली रेटा. आतल्या हवेवर तुम्ही काम करता, ते काम हवेत ऊर्जा म्हणून जमा होतं आणि हवा तापते. २७ अंशांची हवा एक पंचमांश आकारमानात दाबली आणि उष्णता अजिबात बाहेर जाऊ दिली नाही, तर गणिताने ती सुमारे २९८ अंश सेल्सिअसला पोहोचते. प्रत्यक्षात इतकी पोहोचत नाही, कारण पंपाची धातूची नळी लगेच उष्णता ओढून घ्यायला लागते. डिझेल इंजिन याच तत्त्वावर चालतं. हवा १८ पट दाबली तर तापमान गणिताने ६८० अंशांच्या आसपास जातं, म्हणून त्यात ठिणगी देणारा प्लग लागत नाही. फवारलेलं डिझेल आपणहून पेट घेतं.

तर ‘झटकन दाबा’ असं का शिकवतात? कारण पंपाच्या भिंतीला उतार आहे, उष्णता पलीकडे जाऊ शकते. मात्र तिला वेळ लागतो. दीड सेंटिमीटर त्रिज्येच्या नळीत मधल्या हवेची उष्णता भिंतीपर्यंत झिरपायला काही सेकंद लागतात. दट्ट्या अर्ध्या सेकंदात खाली आला तर उष्णतेला पलीकडे जायची संधीच मिळत नाही. ‘झटकन’ ही ‘न ओलांडता’ साधण्याची युक्ती झाली. शब्दाचा अर्थ तो नव्हे.

इथे एक गोष्ट बहुतेक पाठ्यपुस्तकं सांगत नाहीत. तोच अर्ध्या सेकंदाचा दाब दुसऱ्या बाजूने पाहिला तर सावकाशही आहे. दट्ट्याने दिलेला धक्का हवेत ध्वनीच्या वेगाने पसरतो, आणि तीस सेंटिमीटरच्या नळीत टोकापर्यंत पोहोचायला त्याला साधारण एक सहस्रांश सेकंद लागतो. दट्ट्या खाली येईस्तोवर आतल्या हवेला आपला दाब सगळीकडे सारखा करून घ्यायला शेकडो वेळा सवड मिळते. म्हणून हवा आतून विस्कटत नाही. ती एकसंध राहून तापत जाते आणि म्हणूनच पुस्तकातलं सूत्र तिला लागू पडतं. पंपाचा एकच दाब उष्णतेच्या गळतीपुढे झटकन असतो आणि हवेच्या आतल्या सावरण्यापुढे सावकाश असतो. तुमच्या दोन लेखांतला वरवरचा विरोध असा एका पंपात शेजारी शेजारी नांदतो. मला हे उमगायला बरीच वर्षं लागली. पुढे मी पंप शिकवताना दोन्ही घड्याळं फळ्यावर काढू लागलो, एक उष्णतेच्या गळतीचं आणि एक हवेच्या सावरण्याचं.

वेगाची बाब सापेक्ष आहे हे पाहायला तुमचं पहिलं वाक्य उत्तम आहे. पावसाळ्यात अरबी समुद्रावरचा वारा कोकण ओलांडून सह्याद्रीला भिडतो आणि वर चढतो. वर दाब कमी, म्हणून हवा पसरते. पसरताना तिला स्वतःच्या ऊर्जेतून काम करावं लागतं आणि ती थंड होते. ढग धरेपर्यंत दर किलोमीटरला ९.८ अंश या दराने. हे चढणं काही पंपाच्या दट्ट्यासारखं क्षणार्धात होत नाही, त्यात पुष्कळ मिनिटं, कधी तासही जातात. तरी ते ॲडियाबॅटिक मानतात, कारण हवा उष्णतेची फार वाईट वाहक आहे आणि चढणारा हवेचा लोट प्रचंड असतो. एक किलोमीटर जाडीच्या हवेतून केवळ वहनाने उष्णता झिरपायची म्हटली तर दीड हजारांहून जास्त वर्षं लागतील. प्रत्यक्षात वारा ढवळतो, शेजारची हवा मिसळते, म्हणून हिशेब इतका चोख राहत नाही. पण मुद्दा ध्यानात येईल: इथे तासभर हासुद्धा ‘झटकन’ आहे. म्हणून या वाक्याच्या भाषांतरात ‘झटकन’ किंवा ‘वेगाने’ असा शब्द आलेला मला दिसला की मी तो काढून टाकतो. वारा घाट हळूहळू चढत असला तरी वाक्य खरंच राहतं.

याच वाक्यात आणखी एक फट आहे, ती परिस्थितीवर अवलंबून आहे. ढग धरला की वाफेचं पाणी होतं आणि वाफेत साठलेली उष्णता मोकळी होते. त्यामुळे हवा थंड होण्याचा वेग उतरतो. पावसाळ्यातल्या उबदार, ओल्या हवेत तो साधारण निम्मा होतो. मग ही उष्णता ‘मिळाली’ म्हणायची का? वाफ हा त्या हवेचाच भाग धरला तर उष्णता बाहेरून आलेली नाही, घरातली घरात राहिली, आणि चढण ॲडियाबॅटिकच म्हणायची. हवामानशास्त्रात त्याला ओल्या हवेचा ॲडियाबॅटिक बदल म्हणतात. पण तेच हवामानशास्त्रज्ञ मान्सूनच्या मोठ्या वाऱ्यांचा हिशेब मांडताना कोरडी हवा वेगळी काढतात, आणि ढगात मोकळी झालेली हीच उष्णता बाहेरून मिळालेली उष्णता म्हणून धरतात. तिथे त्यांचा शब्द ‘डायबॅटिक’, म्हणजे नकाराचा ‘अ’ काढलेला, ‘ओलांडून’. दोघंही बरोबर आहेत. कुंपण कुठे घातलं यावर ठरतं. तुमच्या लेखात महाबळेश्वरच्या पावसाबद्दल आणि वाईकडच्या पर्जन्यछायेबद्दल लिहिलेलं असेल तर हे शब्द एकाच परिच्छेदात दोन अर्थांनी येऊ शकतात. वाक्यावाक्याला थांबून पाहा, वाफ कुंपणाच्या आत आहे की बाहेर.

‘डायबॅटिक’वरून एक आठवण करून देतो. संगणक आणि फोन त्याचं हमखास ‘डायबेटिक’ करून टाकतात. छापील अंकात ‘डायबेटिक उष्णता’ असं गेलेलं मी स्वतः पाहिलंय. गंमत म्हणजे मधुमेहाचं ते नावही त्याच ग्रीक धातूवरून आलंय. रोग्याच्या अंगातून पाणी नुसतं आरपार जातं म्हणून.

ध्वनीचं उदाहरण द्यायचा मोह मला आवरत नाही, कारण ‘झटकन’ या समजुतीला ते चांगला धक्का देतं. न्यूटनने १६८७ साली हवेतल्या ध्वनीचा वेग गणिताने काढला तो प्रत्यक्षापेक्षा सुमारे १५ टक्के कमी भरला. ध्वनिलहरीत हवा आलटून पालटून दाबली जाते आणि सैल होते, तेव्हा तिचं तापमान बदलतं हे त्याच्या हिशेबात नव्हतं. ही दुरुस्ती फ्रेंच गणिती लाप्लासने १८१६ मध्ये मांडली. लहरीतली हवा ॲडियाबॅटिकली दाबली जाते. हे धरून गणित केलं की वेग जुळतो. कारण विचारलं की वर्गात उत्तर येतं, ‘कंपनं फार जलद असतात, उष्णतेला वेळ मिळत नाही.’ तसं असतं तर पट्टी जितकी उंच तितकं ते अधिक चोख लागू व्हायला हवं. घडतं उलट. सेकंदाला हजार कंपनांच्या सुराची तरंगलांबी सुमारे ३४ सेंटिमीटर, आणि एका कंपनाच्या वेळात उष्णता झिरपते ती मिलिमीटरच्या सातव्या हिश्श्याइतकी. म्हणून ती गरम भागातून थंड भागापर्यंत पोहोचूच शकत नाही. कंपनं शंभरपट केली की तरंगलांबी शंभरपट कमी होते, पण उष्णतेची झेप फक्त दहापट कमी होते. म्हणजे उष्णतेला पार करायची नदीच अरुंद झाली. पट्टी चढवत नेली तर ‘न ओलांडता’ ही अट सैल पडत जाते. थोडक्यात, वेग एकटा काही ठरवत नाही. नदीची रुंदीही पाहावी लागते.

आता तुमचं दुसरं वाक्य. तिथे जाण्यासाठी एका विहिरीवर थांबू. रहाटाच्या कप्पीवरून पोहरा वर ओढताना तो हेलकावे घ्यायला लागतो हे ज्यांनी पाणी शेंदलंय त्यांना ठाऊक आहे. दोर बारा मीटर असताना एका हेलकाव्याला जवळजवळ सात सेकंद लागतात, तीन मीटर उरला की साडेतीन. दोर एकसारखा, सावकाश ओढत राहिलात तर एक सुंदर गोष्ट घडते. हेलकाव्यांची ऊर्जा वाढते, त्यांची वारंवारताही वाढते, पण एकीला दुसरीने भागून येणारी संख्या बदलत नाही. दोर चौथाई झाला की वारंवारता दुप्पट, ऊर्जाही दुप्पट, आणि हेलकाव्याचा कोन पावणेतीन पटींच्या थोडा वर. म्हणूनच पोहरा वर येता येता जास्त नाचतो. मध्येच हिसका दिलात तर हे नातं तुटतं. १९११ साली ब्रुसेल्सला भौतिकशास्त्रज्ञांच्या सॉल्व्हे परिषदेत लोरेंट्झने दोर आखडत जाणाऱ्या लंबकाबद्दल विचारलं होतं आणि आइन्स्टाइनने उत्तर दिलं ते हेच. लांबी सावकाश बदलली तर ऊर्जा आणि वारंवारता यांचं प्रमाण टिकतं. ज्या काळात ऊर्जेचे गठ्ठे वारंवारतेशी बांधलेले आहेत ही कल्पना नवी होती, त्या काळात या उत्तराला फार वजन होतं. पुढच्या काही वर्षांत भौतिकशास्त्रज्ञ एरेनफेस्टने ही कल्पना वाढवली आणि अशा बदलांना ‘ॲडियाबॅटिक’ हे नाव रूढ केलं.

त्याने उष्णतेचा शब्द इथे का आणला? पोहऱ्यात उष्णता कुठे आहे? हा प्रश्न मला वर्षानुवर्षं छळत होता. एका चाळीची कल्पना करा. प्रत्येक मजला म्हणजे एक ऊर्जापातळी, त्यावरची बिऱ्हाडं म्हणजे कण. चाळीची एकूण ऊर्जा दोनच प्रकारे बदलू शकते. एक, मजल्यांची उंची बदलली आणि बिऱ्हाडं होती तिथेच राहिली. दोन, मजले तसेच राहिले आणि बिऱ्हाडं वरखाली हलली. बोल्ट्झमनपासूनच्या सांख्यिकीय विचारात पहिल्या प्रकाराला काम म्हणतात आणि दुसऱ्याला उष्णता. पंपाचा दट्ट्या खाली येतो तेव्हा मजल्यांची उंची वाढते. उष्णता येते तेव्हा बिऱ्हाडं जिना चढतात. मग ‘उष्णता न देता-घेता’ याचा सूक्ष्म पातळीवरचा अर्थ काय? बिऱ्हाडांनी मजला न ओलांडणं. रँकिनची नदी सिलिंडरच्या भिंतीत होती, एरेनफेस्टने ती दोन पातळ्यांच्या मध्ये नेली. शब्द तोच, आणि माझ्या मते न्याय्यपणे तोच.

बिऱ्हाडं हलू नयेत म्हणून मजले सावकाश सरकवावे लागतात. गचका दिला तर कुणी वरच्या मजल्यावर जाऊन पडेल. बॉर्न आणि फॉक यांनी १९२८ साली क्वांटम यामिकीत, म्हणजे अणूंच्या पातळीवरच्या गतिशास्त्रात, हे सिद्ध केलं. बाहेरची परिस्थिती पुरेशी सावकाश बदलली आणि पातळ्यांमध्ये फट राहिली, तर प्रणाली आपली पातळी सोडत नाही. ‘पुरेशी’ या शब्दावर बोट ठेवा. फट जितकी मोठी तितकं आतलं घड्याळ जलद. अणूतल्या इलेक्ट्रॉनचं घड्याळ सेकंदाच्या दशलक्ष-अब्जाव्या भागात टिकटिकतं. त्याच्यापुढे अब्जांश सेकंद हा मोठा संथ काळ आहे. तुमच्या तळटीपेतलं ‘अतिशय सावकाश’ वाचून मराठी वाचकाला कासव दिसेल, आणि प्रयोगात क्षेत्र डोळ्याची पापणी लवण्याआधी बदलून झालेलं असेल. म्हणून नुसतं ‘सावकाश’ लिहू नका. कशाच्या मानाने ते लिहा.

रसायनशास्त्रातले रेणूही असेच. हलक्यातल्या हलक्या अणुकेंद्रकाचं, म्हणजे प्रोटॉनचं वस्तुमान इलेक्ट्रॉनच्या सुमारे १८३६ पट असतं. केंद्रक जड पावलांनी हलतात आणि इलेक्ट्रॉन दर पावलाला स्वतःला जुळवून घेतात, हे गृहीत धरून १९२७ मध्ये बॉर्न आणि ओपेनहायमर यांनी रेणूंचं गणित सोपं केलं. ‘इलेक्ट्रॉन केंद्रकांमागून ॲडियाबॅटिकली जातात’ असं वाक्य आलं तर त्यात उष्णता शोधू नका.

दोन्ही अर्थ एकत्र पाहायचे असतील तर अतिथंड तापमानाच्या प्रयोगशाळेत जावं. १९२६च्या सुमारास डेबाय आणि जिओक यांनी स्वतंत्रपणे सुचवलं, की चुंबकीय क्षार वापरून निरपेक्ष शून्याच्या, म्हणजे शक्य तितक्या नीचतम तापमानाच्या, फार जवळ जाता येईल. आधी क्षार द्रव हेलियमच्या सान्निध्यात ठेवून जोरदार क्षेत्र लावायचं, अणूंची चुंबकं रांगेत उभी करायची आणि त्यात निघालेली उष्णता हेलियमला देऊन टाकायची. मग मधला हेलियम वायू उपसून क्षाराला एकटं पाडायचं, म्हणजे उष्णतेला उतार उरत नाही. हा रँकिनचा अर्थ. त्यानंतर क्षेत्र हळूहळू उतरवायचं, म्हणजे अणू पातळ्या न बदलता खाली येणाऱ्या मजल्यांबरोबर खाली येतात. हा एरेनफेस्टचा अर्थ. १९३३ मध्ये बर्कलीत जिओक आणि मॅकडूगल यांनी गॅडोलिनियम सल्फेट वापरून याच रीतीने पाव केल्विनपर्यंत, म्हणजे त्या शून्याच्या पाव अंश वरपर्यंत, मजल मारली. जिओकला १९४९ चं नोबेल मिळालं. क्षेत्र उतरवणं अणूंच्या मानाने सावकाश हवं आणि बाहेरून उष्णता गळून यायच्या मानाने जलद हवं. पंपासारखीच दोन घड्याळं.

एनएमआरमध्ये, म्हणजे अणुकेंद्रकांना चुंबकीय क्षेत्रात ठेवून तपासण्याच्या पद्धतीत, तर एका तंत्राचं नावच ‘ॲडियाबॅटिक फास्ट पॅसेज’ आहे. केंद्रकांच्या भिरभिरण्याच्या मानाने सावकाश म्हणून ॲडियाबॅटिक, आणि त्यांची मांडणी आपोआप ढासळायला लागणाऱ्या वेळेच्या मानाने जलद म्हणून फास्ट. एकदा एका भाषांतरकाराने याचं ‘मंद-जलद संक्रमण’ केलं होतं. त्याच्याजवळ ज्या नोंदी होत्या त्यांवरून दुसरं काही सुचणं शक्यच नव्हतं.

विरुद्धार्थी शब्दाचीही काळजी घ्या. क्वांटमवाले पातळी ओलांडली गेली की बहुधा ‘नॉन-ॲडियाबॅटिक’ म्हणतात, म्हणजे ‘न न-ओलांडता’. दोन नकार सरळ काढून टाका आणि ‘पातळी ओलांडून’ लिहा. नेमका अर्थ येतो.

आता मराठीचं. ‘ॲडियाबॅटिकली’ जसाच्या तसा ठेवायला माझा विरोध आहे, आणि तो इंग्रजी म्हणून नाही. शेवटचं ‘ली’ आपल्या कानाला भूतकाळी स्त्रीलिंगी क्रियापदासारखं लागतं. ‘हवा ॲडियाबॅटिकली’ पर्यंत वाचलं की मन ‘हवा दमली’, ‘हवा तापली’च्या चालीवर जातं आणि पुढच्या ‘थंड होते’ला अडखळतं. विशेषण म्हणून ‘ॲडियाबॅटिक बदल’ ठेवा, खुशाल ठेवा, विज्ञान शिकलेल्याला तो ओळखीचा आहे. ‘रुद्धोष्म’ हा पर्यायही आहे, हिंदी पाठ्यपुस्तकांत तो सर्रास दिसतो. रुद्ध म्हणजे अडवलेली, ऊष्मा म्हणजे उष्णता. पहिल्या अर्थाला तो चपखल बसतो. दुसऱ्या अर्थात मात्र दिशाभूल करतो, कारण एकट्या अणूच्या वाक्यात अडवायला उष्मा नसते. ‘रुद्धोष्मरीत्या’ हे रूप तर जिभेवर वळत नाही.

आपल्या भाषेला क्रियाविशेषणं बनवायला ‘-पणे’, ‘-रीत्या’ची गरज फार थोड्या वेळा पडते. आपलं बळ ‘न’ आणि ‘-ता’मध्ये आहे. न सांगता, न चुकता, न थांबता. शब्द मुळात नकाराचा आहे आणि आपल्याकडे नकाराची क्रियाविशेषणं आयती आहेत. पहिल्या अर्थाला मी ‘उष्णता न देता-घेता’ लिहितो. दुसऱ्याला ‘पातळी न ओलांडता’, आणि लेख सर्वसाधारण वाचकासाठी असेल तर ‘आतली घडी न विस्कटता’. घडी विस्कटणं हा आपला नेहमीचा वाक्प्रचार आहे आणि त्यात सावकाशपणा न सांगता कळतो. कपड्याची घडी न विस्कटता तो उचलायचा म्हणजे अलगद उचलावा लागतो. दोन्ही अर्थांना मिळून एकच शब्द मात्र मी देणार नाही. मूळ भाषेत एक शब्द आहे म्हणून मराठीत एकच हवा, हा आग्रह वाचकाला महागात पडतो.

भाषांतर तपासताना मी स्वतःला तीन गोष्टी विचारतो: काय ओलांडलं जात नाही, कुंपण कुठे आहे, आणि कोणत्या घड्याळाशी तुलना आहे. तिन्हींची उत्तरं मूळ लेखात सापडली नाहीत तर लेखकाला विचारावं. अंदाजाने भरू नये.

दोन सापळे राहिले. एक, ‘उष्णता न देता-घेता’ म्हणजे तापमान कायम असं वाचकाला वाटतं, कारण रोजच्या बोलण्यात आपण उष्णता आणि तापमान एकाच अर्थाने वापरतो. खरं तर ॲडियाबॅटिक बदलात तापमान सहसा बदलतं. पंप तापतो, घाटावर हवा थंडावते, सोड्याची बाटली उघडताच तिच्या गळ्याशी क्षणभर धुकं दिसतं. शक्य तिथे वाक्यात ‘तापते’ किंवा ‘थंड होते’ लिहून टाका. दोन, वायू मोकळ्या पोकळीत फुटून पसरला तर तेही उष्णता न देता-घेताच घडतं, पण आतली घडी पार विस्कटते आणि आदर्श वायूचं तापमान मुळीच बदलत नाही. तिथे पहिला अर्थ लागू होतो, दुसरा होत नाही, आणि पंपाचं सूत्रही चालत नाही. तुमच्या लेखात ‘पोकळीत’ हा शब्द दिसला तर थांबा.

तुमची दोन वाक्यं मी अशी लिहीन. ‘वारा डोंगर चढतो तेव्हा त्यातली हवा आजूबाजूला उष्णता न देता-घेता, केवळ पसरल्यामुळे थंड होते.’ आणि, ‘चुंबकीय क्षेत्र अणूच्या आतल्या हालचालींच्या मानाने सावकाश बदललं, त्यामुळे अणू वरची पातळी न गाठता तळच्याच पातळीत राहिला.’ दुसऱ्या वाक्यात क्षेत्र बदलायला किती वेळ लागला हे मूळ लेखात दिलं असेल तर तो आकडाही घाला. ‘सावकाश’च्या शेजारी तो लागतोच.